एक डीएलएल नाही म्हणून बिलिंग बंद

प्रश्न: लालबागला आमचं मसाल्याचं दुकान आहे. कॉम्प्युटर स्लो झाला म्हणून भाच्याने कंट्रोल पॅनलमधून व्हिज्युअल सी प्लस प्लस रिडिस्ट्रिब्युटेबल नावाच्या सात-आठ एन्ट्र्या होत्या त्या सगळ्या उडवल्या, आता बिलिंग उघडलं की 'एमएसव्हीसीपी१४०.डीएलएल' सापडत नाही म्हणतं. नेटवरून तेवढी एक फाइल उतरवून टाकू का?

उत्तर: नको दादा, ते अजिबात करू नका. अशा सुट्या फाइली वाटणाऱ्या साइटवर कुठलं व्हर्जन मिळेल, त्यात व्हायरस असेल का, काही भरवसा नाही आणि तुमचा सगळा धंद्याचा हिशोब त्याच मशीनवर आहे. डीएलएल म्हणजे बरेच प्रोग्रॅम मिळून वापरतात अशी फाइल, चाळीतला सामायिक नळ समजा, एकाने बसवला तरी पाणी सगळ्या बिऱ्हाडांना, म्हणून एकाने उखडला की सगळ्यांचीच पंचाईत. ही फाइल भाच्याने उडवलेल्या त्या व्हिज्युअल सी प्लस प्लस रिडिस्ट्रिब्युटेबलच्याच २०१५ आणि त्यापुढच्या पॅकेजात येते, ते मायक्रोसॉफ्टच्या साइटवरून फुकट मिळतं. एक्स८६ (म्हणजे ३२ बिट) आणि एक्स६४ (म्हणजे ६४ बिट) दोन्ही टाका, कारण विंडोज ६४ बिटचं असलं तरी बिलिंगवालं बरेचदा ३२ बिटचंच असतं. (गंमत बघा, ६४ बिट विंडोजवर सिस्टीम३२ फोल्डरात ६४ बिटच्या फाइली असतात आणि ३२ बिटच्या सिसवॉव६४ मध्ये, म्हणून हाताने कॉपी करणारे हमखास चुकतात.) २०१० आणि २०१३ ची पॅकेजं वेगळी, दुसरं काही रुसलं तर तीही टाका. मग रीस्टार्ट. तरी नाही उघडलं तर आधी डेटाचा बॅकअप पेनड्राइव्हवर घ्या आणि मगच बिलिंग रिपेअर करा. आणि भाच्याला ओरडू नका, नावं बघून कुणालाही तो कचराच वाटतो.