मित्रांबरोबर माइनक्राफ्ट हा व्हिडिओ गेम सुरू करतोयस तर...

आधी प्रत्येकाकडे कुठली आवृत्ती आहे ते विचार. जावा आणि बेडरॉक या गेमच्या दोन आवृत्त्या एरवी एकत्र चालत नाहीत. एक जरी मोबाइलवाला असेल, तर सगळ्यांनी बेडरॉकच घ्या. स्वतःचा सर्व्हर असेल तर व्हाइटलिस्ट (कुणाला आत येऊ द्यायचं त्याची यादी) पहिल्याच दिवशी चालू कर.

खरी भांडणं होतात ती चेस्टवरून, म्हणजे सामान ठेवायच्या पेटीवरून. 'माझे हिरे कुणी घेतले?' हा प्रश्न येणारच. त्यामुळे सामायिक चेस्ट वेगळी ठेवा, तिच्यावर पाटी लावा. जमेल तितक्या लवकर एंडर चेस्ट बनवा. तिच्यात ज्याला त्याला फक्त स्वतःचंच सामान दिसतं.

मेलास तर सामान तिथंच पडतं आणि ५ मिनिटांत गायब होतं. पण तो भाग लोड असेपर्यंतच, म्हणजे जवळ कुणी खेळाडू असेपर्यंतच, हे घड्याळ चालतं. म्हणजे जवळ मित्र असेल तर त्याला लगेच ओरडून सांग, 'उचल!' (परत देईल की नाही, हे मैत्रीवर.)

आणि झोप. रात्र टळायला ओव्हरवर्ल्डमधल्या (गेमच्या मुख्य जगातल्या) सगळ्यांना पलंगावर जावं लागतं. एखादा महाभाग खाणीत खोदतच बसतो. सेटिंगमध्ये झोपणाऱ्यांची टक्केवारी १०० वरून ५० करून टाक.