गेम तीन महिन्यांनी येणार, मग प्रीऑर्डरचे पैसे आजच का कापले?

प्रश्न थोडक्यात असा: "मी मालवणला राहतो. पीएस५ या सोनीच्या गेम खेळायच्या यंत्राच्या एका गेमची डिस्क ऑनलाइन प्रीऑर्डर केली. गेम यायला अजून तीन महिने आहेत, पण डेबिट कार्डातून ४,९९९ रुपये त्याच मिनिटाला गेले. न्यू जर्सीतला मावसभाऊ म्हणतो, तिकडे पार्सल निघेपर्यंत एक पैसा कापत नाहीत. मी फसलोय का? ऑर्डर रद्द करू का?"

फसला नाहीत. आणि मावसभाऊही खोटं बोलत नाही. तुम्हा दोघांत फरक आहे तो ओटीपीचा.

मी देवगडजवळ जामसंड्याला कुरिअरचं काउंटर चालवतो आणि रात्री शटर ओढलं की गेम खेळतो. वय विचारू नका. सांगायचा मुद्दा, पार्सल पाठवणाऱ्याची बाजूही मी रोज बघतो आणि वाट बघणाऱ्याची खाजही मला ठाऊक आहे.

कार्डाने पैसे देणं हे आपल्याला एकच काम वाटतं, पण आतून ती दोन कामं असतात. आधी दुकान बँकेला विचारतं, या माणसाच्या खात्यात एवढे आहेत का, असतील तर बाजूला काढून ठेव. मग दुसऱ्या खेपेला म्हणतं, ठेवलेले आता दे. हॉटेलात खोली घेताना कार्डावर अनामत अडकवतात आणि जाताना बिलापुरती घेतात, ते हेच. एरवी ही दोन्ही कामं पाठोपाठ उरकतात म्हणून आपल्या लक्षात येत नाही. प्रीऑर्डरमध्ये मधे तीन महिने असतात, तिथे ती सुटी सुटी दिसायला लागतात.

आता कुणी म्हणेल, मग तीन महिने बाजूला काढून ठेवा ना. तसं होत नाही. बाजूला ठेवलेल्या रकमेला आयुष्य असतं, काही दिवस, फार तर महिनाभर. ते संपलं की ती आपोआप मोकळी होते. म्हणून अमेरिकेतलं दुकान वेगळं करतं. ऑर्डरच्या दिवशी कार्ड जिवंत आहे ना एवढं किरकोळ रकमेने तपासून सोडून देतं, कार्डाचा तपशील जपून ठेवतं आणि पार्सल निघायच्या दिवशी पूर्ण रकमेसाठी बँकेचं दार नव्याने ठोठावतं. तुमचा भाऊ तेव्हा झोपलेला असला तरी चालतं, त्याला कुणी काही विचारत नाही. मधल्या काळात कार्डाची मुदत संपली असेल तर 'पैसे मिळाले नाहीत, कार्ड बदला' अशी मेल येते, आणि तीही नजरेतून सुटली तर ऑर्डर गळते. शिवाय तिकडे कार्ड कंपन्यांचा जुना दंडक आहे की ग्राहकाने आगाऊ द्यायचं कबूल केलं नसेल तर माल रवाना होईपर्यंत पैसे घ्यायचे नाहीत. जोडीला पोस्टाने माल मागवण्याच्या काळातला, १९७५ सालचा सरकारी नियमही आहे. सांगितलेल्या मुदतीत माल पाठवा, मुदत सांगितलीच नसेल तर ३० दिवसांत पाठवा, नाहीतर उशिराला ग्राहकाची संमती घ्या किंवा पैसे परत करा. तोच नियम पुढे ऑनलाइन दुकानांना लागला.

आपल्याकडे रिझर्व्ह बँकेने ऑगस्ट २००९ पासून ऑनलाइन कार्ड व्यवहाराला ग्राहकाची जास्तीची खातरजमा सक्तीची केली. सुरुवातीला पासवर्ड होता, पुढे ओटीपी रुळला. कार्डचोरीला त्याने मोठा आळा बसला यात शंका नाही. पण प्रीऑर्डरला तो मोडता घालतो. विचार करा, तीन महिन्यांनी पहाटे तीन वाजता भिवंडीच्या गोदामात तुमच्या डिस्कवर लेबल चिकटतंय. त्या क्षणी पैसे कापायचे तर ओटीपी कोण देणार? तुम्ही झोपेत असाल, नाहीतर रेंज नसलेल्या एखाद्या वाडीत लग्नाला गेला असाल. म्हणून दुकान काय करतं, तुम्ही स्क्रीनसमोर बसलेले आहात, फोन हातात आहे, तेवढ्यात घेऊन टाकतं. कार्ड 'सेव्ह' केलेलं असलं तरी उपयोग नाही. ऑक्टोबर २०२२ पासून दुकानाकडे कार्डाचा नंबर राहतच नाही, त्याच्या जागी टोकन, म्हणजे बदली आकडा राहतो, आणि टोकनालाही ओटीपी लागतोच.

मग ओटीटीचं वर्गणीचं बिल दर महिन्याला न विचारता कसं जातं? ते ई-मँडेट. एकदा परवानगी द्यायची, मग १५,००० रुपयांपर्यंतची हप्त्याची रक्कम ओटीपीविना जाते. यूपीआयमध्ये तर एकवेळच्या व्यवहाराचं मँडेटही २०१८ पासून आहे. पैसे तुमच्याच खात्यात राहतात, फक्त अडकलेले असतात.

तुम्ही किंवा घरातल्या कुणी आयपीओला, म्हणजे कंपनी पहिल्यांदा शेअर विकायला काढते त्याला, अर्ज केला असेल तर हे चटकन कळेल. पूर्वी आयपीओला अर्ज केला की पैसे खात्यातून जायचे आणि शेअर लागले नाहीत तर परताव्याच्या चेकची वाट बघत बसायचं. मग पैसे नुसते ब्लॉक करायची पद्धत आली आणि आता यूपीआयवर 'ब्लॉक'चा मेसेज येतो. शेअर लागला तर पैसे जातात, नाहीतर सुटतात. आपली गेमची प्रीऑर्डर अजून त्या चेकच्या जमान्यात आहे. सोय आहे, पण पाच हजारांच्या डिस्कसाठी ती बसवायची तसदी दुकानं घेत नाहीत. आणि का घेतील? आगाऊ पैसे हातात आले की किती डिस्क मागवायच्या ते नक्की कळतं, ग्राहकही सहसा पळत नाही.

इथे माझ्या बाबांची आठवण येते. आमची हापूसची थोडी कलमं आहेत. जानेवारीत मोहोर बघून मुंबईची गिऱ्हाइकं फोन करतात, "दोन पेट्या ठेवा, पैसे आत्ताच पाठवते." शेजारची बरीच मंडळी आगाऊ घेतात, खतपाण्याला उपयोगी पडतात. बाबा घेत नाहीत. वहीत नाव, पेट्या आणि फोन लिहितात, पेटी गाडीत चढली की मग पैसे. एकदा मी म्हटलं, घ्या की, सगळेच घेतात. तर म्हणाले, "लोकांचे पैशे घरात ठेवन माका झोप येवची नाय." पण त्याचा फटकाही तेच सोसतात. एका वर्षी वहीत नावं होती त्यातल्या चौघांनी ऐन एप्रिलमध्ये फोन उचलला नाही आणि पिकत आलेल्या पेट्या मिळेल त्या भावाला वाशीला द्याव्या लागल्या. म्हणून मी दुकानदारांना सरसकट चोर म्हणत नाही. वाट बघण्याची जोखीम कुणीतरी घेतोच. आपल्याकडे ती गिऱ्हाइकाच्या गळ्यात पडते, एवढंच.

कॅश ऑन डिलिव्हरीचं विचाराल तर प्रीऑर्डरला ती बऱ्याचदा बंदच असते. कारण मला काउंटरवर दिसतं. सीओडीचं पार्सल आलं की फोन करायचा, समोरून "आता नको, दुसरीकडून घेतला" ऐकायचं आणि पार्सल परत पाठवायचं. पहिल्या आठवड्यात पूर्ण किमतीला जाणारी डिस्क परतीच्या फेरीत महिनाभराने गोदामात पोचते, तोवर तिची किंमत उतरलेली. तरी पर्याय दिसला तर जरूर घ्या. कुणकेश्वरचा एक मुलगा असाच सीओडीवर मागवायचा. पार्सल यायच्या दिवशी सकाळपासून तीन फेऱ्या, खिशात पाचशेच्या दहा नोटा, आणि वर एक रुपया परत द्यायचा म्हणून माझी शोधाशोध. काउंटरवरच खोका फोडायचा. घरी गेल्यावर त्याचा फोन, "दादा, डिस्क घातली तर अजून डाऊनलोड मागतंय." डिस्क घेतली म्हणून डाऊनलोड चुकत नाही बाबा, हल्ली पॅच, म्हणजे मागाहून केलेली दुरुस्ती, उतरवल्याशिवाय धड काही चालत नाही. दोन दिवस तो त्याच्या मामाकडे वायफायला जात होता.

डिजिटल, म्हणजे डिस्कविना नुसता डाऊनलोड, घेतलात तर प्रत्येक दुकानाची तऱ्हा निराळी. कॉम्प्युटरवरचे गेम विकणारं स्टीम लगेच घेतं, पण गेम येईपर्यंत केव्हाही रद्द करून पैसे परत मागता येतात. मायक्रोसॉफ्टच्या कन्सोलचं एक्सबॉक्स दुकान गेम यायच्या साधारण दहा दिवस आधी कापतं. तुमची डिस्क आहे, तेव्हा हे सोडून देऊ.

खरा धोका पैसे लवकर जाण्यात नाही, तारीख सरकण्यात आहे. सायबरपंक २०७७ या गेमची तारीख आधी १६ एप्रिल २०२० होती, मग १७ सप्टेंबर, मग १९ नोव्हेंबर, आणि शेवटी १० डिसेंबरला तो आला. प्रीऑर्डर जून २०१९ पासून सुरू होती. ज्याने तेव्हाच पैसे भरले त्याचे दीड वर्ष अडकले, आणि जुन्या कन्सोलवर गेम इतका अडखळत होता की आठवड्याभरात सोनीने तो आपल्या स्टोअरवरून काढून परतावे द्यायला घेतले.

माझा स्वतःचा घाव वेगळा. गॉड ऑफ वॉर रॅग्नारॉक ९ नोव्हेंबर २०२२ ला येणार होता. मी महिनाभर आधी एका साइटवर पूर्ण पैसे भरले. आदल्या संध्याकाळी मेल आली, साठा अपुरा, ऑर्डर रद्द. बरं, पैसे तरी लगेच द्यावेत, तर ते आधी त्यांच्याच वॉलेटमध्ये टाकले. दोनदा भांडलो तेव्हा खात्यात आले, नऊ दिवसांनी. गेम मी डिसेंबरात खेळलो, तोवर शेवट काय होतो ते तीन जणांनी सांगून टाकलं होतं.

त्या भांडणात जे नियम वाचले ते तुम्हाला उपयोगी पडतील. ग्राहक संरक्षणाचे ई-कॉमर्स नियम जुलै २०२० मध्ये आले. दुकान स्वतः ऑर्डर रद्द करताना स्वतःला दंड लावून घेत नसेल तर तुमच्याकडूनही रद्द करण्याचे पैसे घेऊ शकत नाही. सांगितलेल्या तारखेपेक्षा माल उशिरा आला तर तो परत घ्यायला आणि पैसे द्यायला विक्रेता नकार देऊ शकत नाही. याला अपवाद नैसर्गिक आपत्तीसारख्या कारणांचा, आणि तो आपल्याला बरोबर लागतो. २२ जुलै २०२१ ला चिपळूण बुडालं, त्या आठवड्यात माझ्या काउंटरवर वरून एकही गाडी आली नाही. अशा वेळी उशिराची तक्रार कुठे टिकणार? तुमचा गेम पावसाळ्यात येणार असेल तर घाट बंद पडणं हिशेबात धरूनच ठेवा. तसंही 'रिलीजच्या दिवशी घरपोच' ही मुंबई-पुण्याची चैन आहे. आपल्याकडे कणकवलीला उतरून पुढे यायला दोन-तीन दिवस जादा जातातच.

दुकान दाद देत नसेल तर १९१५ वर राष्ट्रीय ग्राहक हेल्पलाइन आहे, मराठीतही बोलता येतं. कार्डाने भरलंय म्हणजे बँकेकडे 'माल मिळाला नाही' असा वादही घालता येतो. त्याची मुदत साधारण १२० दिवस, आणि प्रीऑर्डरला ती पैसे भरल्याच्या नव्हे, माल मिळायच्या तारखेपासून धरतात. तीन महिने आधी भरले म्हणून ती संपली असं समजून गप्प बसू नका.

मी आता काय करतो ते सांगतो. मर्यादित प्रतींची, पुतळा-नकाशावाली आवृत्ती हवी असेल तरच आगाऊ भरतो, कारण ती खरंच संपते. साध्या डिस्कसाठी मुंबईत लॅमिंग्टन रोडवर एक ओळखीचा दुकानदार आहे. त्याला आधी नुसता मेसेज टाकून ठेवायचा, "एक माझी." डिस्क हातात आली की तो फोटो पाठवतो, मी यूपीआय करतो, आणि रात्री बोरिवलीहून सुटणाऱ्या खाजगी बसच्या क्लीनरकडे तो पाकीट देतो. शंभर रुपये क्लीनरचे. सकाळी सातला जामसंड्याच्या नाक्यावर मी चहा पीत उभा. मालवणलाही अशा गाड्या येतात, तुमच्या ओळखीत कुणी असेलच.

तुमची ऑर्डर मात्र रद्द करू नका, किंमत आणि विक्रेता ठीक असतील तर. आजच दोन कामं उरका. ऑर्डरच्या पानावर डिलिव्हरीची जी तारीख दाखवतेय तिचा स्क्रीनशॉट काढा, पुढे ती गुपचूप बदलते. आणि पत्त्यात दिवसा घरी असणाऱ्या माणसाचा नंबर टाका, तुमच्या सायलेंटवर ठेवलेल्या फोनचा नको. पैसे भरलेली किती पार्सलं माझ्याकडून निव्वळ 'ग्राहक फोन उचलत नाही' या शिक्क्याने परत गेलीत, त्याची वही माझ्याकडेही आहे.