ब्रोकोली-फळांच्या सॅलडमध्ये ब्रोकोली कच्ची टाकायची की उकडून?

दोन्ही नाही, तुरे सुटे करून उकळत्या मिठाच्या पाण्यात मिनिटभरच ठेवा अन् लगेच थंडगार पाण्यात टाका, रंग मस्त गडद हिरवा होतो, कच्चट वास जातो आणि कुरकुरीतपणा राहतो. जास्त उकळली की व्हिटॅमिन सी पाण्यात उतरतं आणि गंधकासारखा वास सुटतो, मग घरात कोणी हात लावत नाही. नंतर कपड्यावर नीट कोरडी करा. आम्ही जळगावकडे पपई, पेरू, डाळिंबाचे दाणे घालतो, केळी मात्र शेवटी लिंबू लावून, नाहीतर काळी पडते. वरून भाजलेले शेंगदाणे जाडसर कुटून, मीठ वाढतानाच, आधी घातलं तर पाणी सुटतं. फक्त घरात कोणाला रक्त पातळ करायची वॉरफेरिन गोळी चालू असेल तर ब्रोकोली एकदम वाढवू नका, तिच्यात व्हिटॅमिन के भरपूर असतं, त्याने गोळीचा परिणाम कमी होऊ शकतो, आधी डॉक्टरांना विचारा.