धावताना पाणी किती प्यावे?

प्रश्न : माझे वय ४६ आहे. जानेवारीत मी पहिली पूर्ण मॅरेथॉन साडेपाच तासांत पूर्ण केली. अंगातले पाणी कमी होऊ नये म्हणून वाटेतल्या प्रत्येक टेबलावर थांबून मी पाणी प्याले. तरीही शेवटी डोके ठणकू लागले, मळमळले आणि बोटातली अंगठी निघेना. पाणी कमी पडले का?
– एक वाचक, ठाणे

उत्तर : पाणी कमी पडले नसावे, उलट जास्त झाले असण्याचीच शक्यता अधिक वाटते. त्या वेळी रक्ततपासणी झालेली नसल्याने खात्रीने सांगता येत नाही, पण शरीरातले पाणी घटलेल्या माणसाची अंगठी सहसा घट्ट होत नाही, सैल होते.

रक्तातील सोडियम लिटरमागे १३५ मिलिमोलच्या खाली गेले की ते कमी झाले असे मानतात. दीर्घ श्रमाच्या वेळी शरीर लघवी रोखणारे संप्रेरक सोडत राहते. त्यामुळे प्यालेले जादा पाणी बाहेर पडत नाही, रक्त पातळ होऊन त्यातले सोडियम उतरते आणि मेंदूला सूज येऊ शकते. २००२ च्या बोस्टन मॅरेथॉनमध्ये तपासलेल्या ४८८ धावपटूंपैकी १३ टक्क्यांचे सोडियम कमी आढळले. शर्यतीत वजन वाढलेल्यांना आणि चार तासांहून अधिक वेळ धावणाऱ्यांना हा धोका जास्त होता. सावकाश धावणाऱ्याला प्यायला वेळही भरपूर मिळतो, हे आपल्याकडे फारसे कोणी सांगत नाही.

खेळाडूंसाठीची पेये प्यायल्याने हा धोका टळतो, असे मात्र समजू नका. रक्तात लिटरमागे सुमारे १४० मिलिमोल सोडियम असते, तर अशा पेयांत साधारण २० च्या आसपास आणि जलसंजीवनीतही ७५ असते. म्हणजे तीही अति प्यायल्यास रक्त पातळच होणार.

तहान लागेल तेव्हा आणि तेवढेच प्यावे. सरावाच्या लांब धावेआधी व नंतर वजन करावे. ते थोडे घटणे स्वाभाविक आहे, पण वाढले असेल तर पुढच्या वेळी पाणी कमी करावे. धावण्याआधी आयब्युप्रोफेनसारखी वेदनाशामक गोळी घेण्याची सवय असल्यास ती सोडावी, कारण तिच्यामुळे हा धोका वाढू शकतो.

सतत उलट्या, असंबद्ध बोलणे किंवा झटके दिसल्यास आणखी पाणी न पाजता रुग्णाला तातडीने रुग्णालयात न्यावे आणि तो किती पाणी प्याला हे डॉक्टरांना आवर्जून सांगावे. अशा गंभीर रुग्णाला ३ टक्क्यांचे तीव्र सलाइन लागते. नेहमीच्या सलाइनने त्याची प्रकृती आणखी बिघडू शकते.