मेहुण्यांचा कंटेनर आणि तुमचे पंधरा लाख

प्रश्न: मी कोल्हापुरात चपलांच्या कारागिरांना कातडं पुरवतो. वय ४७. मध्यंतरी एक प्लॉट विकला, त्याचे २० लाख हातात आहेत. घरकर्ज ९ लाख बाकी. मुलगी बारावीला, पुढे फार्मसी म्हणतेय. मुंबईचे मेहुणे म्हशीच्या मांसाच्या निर्यातीत आहेत. गोठवलेला माल जातोच, आता डबाबंद मालही पाठवायचा विचार आहे, डब्यांचा कारखाना मात्र त्यांच्याकडे नाही. १५ लाख घाला, ९० दिवसांच्या प्रत्येक फेरीला ६ टक्के देतो म्हणतात. घालू का?

उत्तर: नमस्कार. तुम्ही पाठवलेला स्टॅम्पपेपरचा फोटो मोठा करून दोनदा वाचला. कागद पाचशेचा, टायपिंग नीट, आणि कडेला पेनानं लिहिलंय, ‘हमखास’. कंटेनर नंबरची जागा मात्र कोरी. माझं उत्तर ‘नको’ असं आहे, पण मेहुण्यांना सांगायला तुम्हाला कारण लागेल, म्हणून जरा विस्तारानं लिहितो.

धंदा खोटा नाही, हे आधी मान्य करू. महाराष्ट्रात गायीच्या कत्तलीला आधीपासूनच बंदी होती, २०१५ पासून बैलाच्याही आहे, म्हशीच्या नाही. गाय-बैलाचं मांस देशाबाहेरही पाठवता येत नाही, म्हशीचं येतं, तेही बिनहाडाचं. या मालात भारत जगातल्या मोठ्या निर्यातदारांत मोडतो. या धंद्यात पैसा घालावा की नाही, हा ज्याच्या-त्याच्या मनाचा प्रश्न. मी फक्त हिशेबाचं बोलतो.

हिशेब असा. २०१४-१५ मध्ये देशातून सुमारे १४.७५ लाख टन माल गेला, त्याचे साधारण २९,२८० कोटी रुपये आले. किलोला पडले १९८ रुपये. २०२३-२४ मध्ये माल गेला सुमारे १२.९५ लाख टन, आले ३१,०१० कोटी. किलोला २३९. म्हणजे नऊ वर्षांत भाव वाढला ४१ रुपयांनी, वर्षाला जेमतेम दोन टक्के. डॉलरमध्ये मोजलं तर तेवढंही नाही. तेव्हा किलोला सव्वातीन डॉलरच्या आसपास मिळत होते, नंतर तीनलाही कमी. रुपया घसरला म्हणून आपल्याला वाढ दिसते, एवढंच.

भाव का चढत नाही? आपला माल खपतो तोच मुळी स्वस्त म्हणून. इंडोनेशियाच्या सरकारी यंत्रणेनं २०१६ पासून आपल्याकडून म्हशीचं मांस घ्यायला सुरुवात केली, ती तिथले भाव खाली आणायला. स्पर्धेला समोर ब्राझील उभा आहे. आणि खरेदीचा भावही निर्यातदाराच्या हातात नाही. तुमच्या कोल्हापूरच्या गंगावेशीत समोर धार काढलेलं दूध पिताना कुणाच्या मनात येत नाही, पण या धंद्याची मुळी तिथंच आहे. मांसासाठी म्हैस कुणी पाळत नाही. दुधातून बाद झालेली म्हैस आणि रेडे, हाच कच्चा माल. दुधाला भाव असला की शेतकरी जनावर धरून ठेवतो आणि बाजारात ते महाग होतं. दोन्हीकडून दाबलेला धंदा आहे हा. ज्यांचा स्वतःचा कारखाना आहे, ते कातडं, हाडं, चरबी सगळं विकून मेळ बसवतात. मधल्या व्यापाऱ्याला तेही नाही.

आता तुमचे सहा टक्के बघा. १५ लाखांत २४० च्या भावानं सव्वासहा हजार किलो माल येतो. त्यावर एका फेरीला ९० हजार द्यायचे म्हणजे किलोमागे १४ रुपये ४० पैसे. नऊ वर्षांत जो भाव ४१ रुपये वाढला, त्यातून मेहुणे तुम्हाला वर्षाला साडेसत्तावन्न देणार, वर स्वतःचं काढणार. चाळीस फुटी कंटेनरात सत्तावीस-अठ्ठावीस टन बसतात, म्हणजे एकाच खेपेत साधारण ६५ लाखांचा माल. त्याला बँक कमी व्याजात पैसे देते. मग चोवीस टक्क्यांनी तुमच्याकडे का यावं लागतं, हे त्यांना प्रेमानं विचारा.

डबाबंद मालाबद्दल त्यांचं म्हणणं चुकीचं नाही. आपल्याकडच्या जनावरांतल्या लाळ्या-खुरकत रोगामुळे कितीतरी देश आपलं गोठवलेलं मांस घेत नाहीत. डब्यात शिजवून बंद केलेल्या मालाला ती अडचण कमी, आणि उणे अठरा अंशांची शीतसाखळीही लागत नाही. पण मग कारखाना लागतो, आणि घेणाऱ्या देशाची त्या कारखान्याला मान्यता लागते. फिलिपिन्सवाले आपलं गोठवलेलं मांस नेऊन तिकडे कॉर्न्ड बीफचे डबे भरतात. वरची कमाई तिकडेच राहते. मेहुण्यांकडे डब्यांचा कारखाना नाही, असं तुम्हीच लिहिलंय.

तरीही घरात तोंड वाईट व्हायला नको असेल तर तीन गोष्टी मागा: आयात-निर्यात कोड आणि अपेडाची (शेतीमाल निर्यातीची सरकारी संस्था) नोंदणी, माल ज्या कारखान्यातून येतो त्याचा मान्यता क्रमांक, आणि गिऱ्हाइकाचे पैसे एलसीवर, म्हणजे त्याच्या बँकेच्या हमीवर येतात की उधारीवर. उधारी असेल तर ईसीजीसीचा, म्हणजे निर्यातीची उधारी बुडाली तर भरपाई देणाऱ्या सरकारी कंपनीचा विमा आहे का? बंदरात कंटेनर अडकला तर विजेचं आणि जागेचं भाडं कोण भरणार? तुमच्या कागदात यातलं एकही वाक्य नाही. शिवाय ठरलेला परतावा सांगून चारचौघांकडून पैसे गोळा करणं २०१९ च्या ठेवींच्या कायद्यात अडकू शकतं. ते नातेवाईकांपलीकडेही पैसे घेत असतील तर त्यांनीच वकिलाला विचारलेलं बरं.

तुम्ही कातडं घेताना पाठीकडचा भाग दोन बोटांत दाबून बघता, पोटाकडचा सैल निघाला की भाव पाडता. या कंटेनरात तुम्हाला असं काय दाबून बघता येणार आहे?

२० लाखांचं मी असं करीन. ६ लाख घरकर्जात. फ्लोटिंग (बदलतं) व्याज असेल तर मुदतीआधी फेडल्याचा दंड नाही. ५ लाख मुलीच्या नावानं नव्हे, तुमच्याच नावानं एफडीत, पण दोन बँकांत विभागून, म्हणजे एका बँकेत व्याजासकट ५ लाखांच्या आत, कारण ठेवींचा विमा तेवढाच आहे. ४ लाख धंद्यात: पावसाळ्यात चपलेची विक्री मंदावते, तेव्हा रोखीनं कातडं उचललं तर तुम्हाला मिळणारी सवलत मेहुण्यांच्या सहा टक्क्यांशी ताडून बघा. ती तुम्हाला माझ्यापेक्षा जास्त ठाऊक आहे. उरलेल्या पाचांना तूर्त हात लावू नका. प्लॉटवरच्या भांडवली नफ्याच्या कराबद्दल तुम्ही एक अक्षर लिहिलेलं नाही. किती वर्षं प्लॉट तुमच्याकडे होता त्यावर तो ठरेल, आणि सरकारी भांडवली नफा बाँडमध्ये पैसे घालून तो वाचवायचा असेल तर विक्रीपासून सहाच महिने मिळतात. खरेदी आणि विक्री, दोन्ही खतांच्या तारखा आजच कळवा.