तलवार, पिस्तूल आणि हसू

प्रश्न : तोशिरो मिफुने आणि चार्ल्स ब्रॉन्सन यांचा ‘रेड सन’ (१९७१) नुकताच पाहिला. सामुराई थेट काउबॉयच्या मुलखात येतो, तरी हा प्रकार विसंगत न वाटता गमतीचा का वाटतो? या धाटणीचे आणखी कोणते चित्रपट पाहावेत?
– एक वाचक, सांगली

उत्तर : ‘रेड सन’मध्ये जपानच्या सम्राटाने अमेरिकेच्या राष्ट्राध्यक्षांसाठी पाठवलेली तलवार रेल्वेवरील दरोड्यात लुटली जाते आणि ती सात दिवसांत परत न मिळाल्यास मिफुनेच्या कुरोदाला हाराकिरी करावी लागणार असते. त्याला चोराचा जीव हवा आहे. ब्रॉन्सनच्या लिंक या दरोडेखोराला मात्र लुटीचा ठावठिकाणा कळेपर्यंत तोच चोर जिवंत हवा आहे. एकाची प्रतिष्ठा ही दुसऱ्याच्या धंद्यातील अडचण ठरते, आणि मिफुने एकदाही हसवण्याचा प्रयत्न करीत नसल्यामुळे ही ओढाताण अधिकच रंगते.

मात्र या जातीच्या विनोदाचा कळस पाहायचा असेल, तर जपानी दिग्दर्शक अकिरा कुरोसावा यांच्या ‘योजिंबो’कडे (१९६१) वळावे लागेल. त्याची कथा जपानमध्येच घडत असली, तरी वाऱ्याने धूळ उडवणारा निर्मनुष्य रस्ता आणि कोठून तरी आलेला अनोळखी लढवय्या हा सारा थाट वेस्टर्नचा, म्हणजे अमेरिकी काउबॉयपटांचा आहे. दोन टोळ्यांना एकमेकींवर सोडून नायक टेहळणीच्या मनोऱ्यावर जाऊन बसतो आणि खाली तलवारी उपसलेले ‘शूर’ दोन पावले पुढे, तीन पावले मागे करीत राहतात. तेवढ्यात सरकारी अधिकारी येत असल्याची बातमी येते आणि दोन्ही पक्ष निमूटपणे सभ्य होतात. (आपल्याकडील सरकारी पाहणीदौरे ज्यांनी पाहिले आहेत, त्यांना या प्रसंगाचे स्पष्टीकरण नको.) पुढे एका खलनायकाच्या किमोनोतून चक्क पिस्तूल निघते, तेव्हा दोन्ही परंपरा एकाच चौकटीत समोरासमोर येतात.

इटालियन दिग्दर्शक सर्जिओ लिओने यांनी हीच कथा परवानगीविना ‘अ फिस्टफुल ऑफ डॉलर्स’साठी (१९६४) उचलली आणि प्रकरण कायदेशीर वादापर्यंत गेले, त्या अवतारात विनोद उरला, पण माणसांच्या भित्रेपणावरील मिश्कील नजर बरीच हरवली, असे माझे मत आहे.

सर्जिओ कोर्बुच्ची यांचा ‘द व्हाइट, द यलो अँड द ब्लॅक’ (१९७५) हा उघड विडंबनपट असून त्यात चोरीला जाते ते जपानहून आलेले पवित्र तट्टू. क्यूबात जन्मलेल्या टॉमस मिलियनला जपानी रंगभूषा चढवून केलेली थट्टा आज मात्र खटकते. त्यामुळे तो सवडीने पाहिला तरी चालेल, ‘योजिंबो’ मात्र आधी पाहावा.