स्क्रीनवर ‘पूर्ण’, डोक्यात अपूर्ण : ऑनलाइन शिक्षणाबद्दल वाचकांचे प्रश्न

ऑनलाइन शिक्षणावर विद्यार्थ्यांची, शिक्षकांची आणि कंपन्यांत प्रशिक्षणाचं काम पाहणाऱ्यांची पत्रं आली आहेत. प्रश्न वेगवेगळे, पण रडगाणं बहुतेकांचं एकच: तास भरतात, पदरात काही पडत नाही. एकसारखे प्रश्न एकत्र करून निवडक घेतले आहेत.

प्रश्न : वर्षभरात पाच मोफत कोर्सना नाव घातलं, एकही पुरा झाला नाही. तिसऱ्या आठवड्यापुढे गाडी जातच नाही. माझ्यातच चिकाटी नाही असं समजायचं का?

उत्तर : तुमच्या सोबतीला पुष्कळ जण आहेत. २०११ मध्ये स्टॅनफर्डच्या कृत्रिम बुद्धिमत्तेच्या खुल्या कोर्सला सुमारे १,६०,००० जणांनी नाव नोंदवलं. शेवटपर्यंत पोचले साधारण २३,०००. हे प्रमाण तरी बरंच म्हणायचं. एमआयटी आणि हार्वर्डच्या खुल्या कोर्सेसची आकडेवारी २०१९ मध्ये प्रसिद्ध झाली, तीत २०१७-१८ या वर्षी कोर्स पूर्ण करणारे जेमतेम ३ टक्के होते. नाव घालणाऱ्यांपैकी निम्म्याहून अधिक जणांनी तर अभ्यासाचं पहिलं पानसुद्धा उघडलं नव्हतं. प्रमाणपत्रासाठी पैसे भरणाऱ्यांत मात्र ४६ टक्के पार पडले. पैसे भरल्याने बुद्धी वाढते असं नाही. ज्याला गरज असते तोच पैसे भरतो.

वर्गात दोन गोष्टी आयत्या मिळतात: ठरलेली वेळ, आणि दांडी मारली तर विचारणारं कुणीतरी. खुल्या कोर्समध्ये दोन्ही आपल्यालाच उभ्या कराव्या लागतात. एका वेळी एकच कोर्स घ्या. नाव घालण्याआधी परिचयाचा व्हिडिओ पाहून भुलू नका, तो सगळ्यांचाच छान असतो. थेट तिसऱ्या-चौथ्या आठवड्याचा स्वाध्याय उघडा. पहिले दोन आठवडे ओळखपाळखीत जातात आणि खरं काम नंतर सुरू होतं, म्हणून गाडी तिथेच अडते. स्वाध्यायातला प्रश्न काय विचारतोय हेही कळत नसेल, तर त्याआधीचा पायाभूत कोर्स शोधा. ‘आठवड्याला ४ तास’ असं लिहिलं असेल तर ६ धरा. तो अंदाज विषय येत असलेल्या माणसाने केलेला असतो. ते ६ तासही रविवारी एका दमात नकोत, दीड-दीड तासाच्या चार बैठका करा. त्यातली एक कुणाबरोबर तरी ठेवा.

बैठकीत काय करता, यावर पुढचं सगळं ठरतं. व्हिडिओ संपला की पुढचा लावू नका. स्क्रीन झाका, कोरा कागद घ्या, आठवेल ते ५ मिनिटं लिहा आणि मग ताडून पाहा. रोडिगर आणि कार्पिक या मानसशास्त्रज्ञांच्या २००६ च्या प्रयोगात काहींनी उतारा पुन्हा वाचला, काहींनी पुन्हा न वाचता आठवून लिहून काढला. पाच मिनिटांनी चाचणी घेतली तेव्हा पुन्हा वाचणारे पुढे होते, ८१ टक्के विरुद्ध ७५. आठवड्याने पारडं फिरलं: वाचणारे ४२, लिहून काढणारे ५६. व्हिडिओ दुसऱ्यांदा पाहताना ‘हे तर येतंय मला’ असं जे वाटतं, त्यावर म्हणूनच भरवसा ठेवू नये. उजळणीचा दिवसही आधीच ठरवा. आठवड्याने परीक्षा असेल तर दुसऱ्या दिवशी, वर्षभर टिकवायचं असेल तर साधारण तीन आठवड्यांनी.

प्रश्न : व्हिडिओ दुप्पट वेगाने पाहिले तर नुकसान होतं का?

उत्तर : दुप्पट वेगापर्यंत फारसं नाही, त्यापुढे समज घसरते, असं कॅलिफोर्निया विद्यापीठातल्या संशोधकांच्या २०२१ मध्ये प्रसिद्ध झालेल्या प्रयोगांत दिसलं. अर्थात, भाषा सवयीची आणि विषय सांगण्या-ऐकण्याचा असेल तर. गणित सोडवून दाखवतात, प्रोग्रॅम लिहून दाखवतात, तिथे वेग मूळचाच ठेवा आणि दर पायरीला थांबवून पुढची पायरी स्वतः करून पाहा. वाचलेल्या वेळात तोच व्हिडिओ पुन्हा पाहायचा असेल तर लगोलग नको. त्या प्रयोगांत दुसऱ्या फेरीचा फायदा ती परीक्षेच्या तोंडावर केली तेव्हाच दिसला.

प्रश्न : मी वर्गातले ५० मिनिटांचे तास रेकॉर्ड करून चढवते. विद्यार्थी आठ-दहा मिनिटांपुढे पाहत नाहीत. त्याचे पाच-पाच तुकडे करून पाहिले, तरी तीच गत. काय चुकतंय?

उत्तर : तुकडे केलेत, पण आतला तास तसाच राहिला. एडएक्स या खुल्या कोर्सेसच्या संकेतस्थळावरच्या चार कोर्सेसमध्ये व्हिडिओ पाहण्याच्या ६९ लाख बैठका तपासणारा एक अभ्यास २०१४ मध्ये आला. व्हिडिओ कितीही लांब असला तरी सर्वसाधारण विद्यार्थी ६ मिनिटांपेक्षा जास्त टिकत नाही, हा त्यातला निष्कर्ष सगळे सांगतात. तुमच्या कामाचा निष्कर्ष दुसराच आहे: वर्गातला तास नंतर कापून केलेले तुकडे, मुळातच छोटे म्हणून बेतलेल्या व्हिडिओंइतके पाहिले जात नाहीत. कारण उघड आहे. वर्गात आपण मागच्या बाकाकडे बघून तेच वाक्य तीनदा म्हणतो, फळा पुसतो, हजेरी घेतो, ‘मघाशी म्हटलं तसं’ म्हणतो. समोर बसलेल्याला ते खटकत नाही. स्क्रीनपुढच्याला ‘मघाशी’ म्हणजे कुठल्या तुकड्यात, हे कळायला मार्ग नसतो.

म्हणून कापाकापी सोडा, पुन्हा बेता. एका व्हिडिओला एकच प्रश्न, आणि तोच त्याचं नाव. ‘क्षेत्रफळ, भाग ३’ याऐवजी ‘वर्तुळाच्या क्षेत्रफळात त्रिज्येचा वर्ग का येतो?’. बोलायचं ते आधी लिहून काढा. सहाशे-सातशे शब्द म्हणजे साधारण ६ मिनिटं. नमस्कार-चमत्कार नकोत, पहिल्या २० सेकंदांत प्रश्न पडद्यावर हवा. तयार स्लाइडपेक्षा बोलता बोलता हाताने लिहिलेलं, काढलेलं जास्त पाहिलं जातं, हेही त्याच अभ्यासात आढळलं. शेवटी एक प्रश्न असा द्या, की ज्याचं उत्तर व्हिडिओत नाही पण व्हिडिओ समजल्याशिवाय येणार नाही. त्याची उत्तरं पुढच्या तासाच्या सुरुवातीलाच वापरा. ती कुणी वाचत नाही असा वास लागला, की दुसऱ्या आठवड्यापासून ती येणं बंद होतं.

आवाजाबद्दल तुम्ही विचारलेलं नाही, तरी सांगतो. चित्र थोडं अंधुक असलं तरी माणूस चालवून घेतो. आवाज खराब असला की व्हिडिओ बंद करतो. लॅपटॉपचा स्वतःचा माइक तुमच्यापेक्षा कीबोर्डच्या आणि पंख्याच्या जवळ असतो, त्यामुळे घरघर आधी आणि तुम्ही नंतर. साधा कॉलर माइक हनुवटीखाली वीतभर अंतरावर लावा. तोंडासमोर धरलात तर प, फ, भ म्हणताना फुस्सकन हवा आदळते. कोऱ्या भिंतींच्या खोलीत आवाज घुमतो. पडदे ओढा, नाहीतर कपड्यांचं कपाट उघडून त्याच्याकडे तोंड करून बसा. मग एक मिनिट रेकॉर्ड करून इअरफोनने ऐका. आवाजाचा काटा सगळ्यात मोठ्या शब्दाला उणे १२ ते उणे ६ डेसिबलच्या दरम्यान राहायला हवा. तो शून्याला टेकला की आवाज फाटतो, आणि फाटलेला आवाज नंतर धड सांधता येत नाही. कमी पातळीचा आवाज मात्र वाढवता येतो.

आपोआप उमटणाऱ्या सबटायटल्समध्ये तीन जागा हटकून तपासा: विशेषनामं, आकडे आणि ‘नाही’. एखादा ‘नाही’ गळला की वाक्याचा अर्थ उलटा होतो, आणि ऐकू न येणाऱ्या विद्यार्थ्याकडे ते ताडून पाहायला दुसरं काही नसतं.

प्रश्न : ऑनलाइन शिकलेलं वर्गाच्या तोडीचं असतं का? मुलाला पूर्ण ऑनलाइन शाळेत घालावं का?

उत्तर : अमेरिकेच्या शिक्षण खात्याने २०१० मध्ये बऱ्याच अभ्यासांचा एकत्र आढावा घेतला. त्यात ऑनलाइन विद्यार्थी वर्गातल्यांपेक्षा किंचित सरस आणि दोन्हींचं मिश्रण त्याहून बरं निघालं. जाहिरातींत इथवरच सांगतात. त्याच अहवालात पुढे असंही आहे की, मिश्र पद्धतीत बहुधा अभ्यासाचा वेळ आणि साहित्य जास्त होतं, त्यामुळे फायद्याचं श्रेय माध्यमाला देता येत नाही. शिवाय त्यातले बहुतेक अभ्यास मोठ्या वयाच्या विद्यार्थ्यांवरचे होते. २०२० चा अनुभवही इथे पुरावा म्हणून धरू नये. एप्रिल २०२० मध्ये जगभरातल्या १५० कोटींहून अधिक विद्यार्थ्यांच्या शाळा-कॉलेजं बंद होती. तेव्हा जे झालं ती आगीतून काढलेली वाट होती, आखलेलं शिक्षण नव्हतं.

मूल अस्खलित वाचत नसेल आणि अर्धा तास स्वतःहून काम करत नसेल, तर घालू नका. घरातल्या मोठ्याला शेजारी बसावं लागेल. ते जमत असेल तर शाळेला दोनच गोष्टी विचारा: तासाच्या दर १० मिनिटांत मूल स्वतः काय करतं, आणि त्याने लिहिलेलं कोण, किती दिवसांत तपासतं? उत्तरादाखल ॲपची वैशिष्ट्यं ऐकायला मिळाली, तर उत्तर मिळालं असं समजा.

प्रश्न : एका तासाच्या थेट वर्गाला डेटा किती लागतो?

उत्तर : सेकंदाला १ मेगाबिट धरला तर तासाला ४५० मेगाबाइट. व्हिडिओ बंद ठेवून नुसता आवाज, ८० किलोबिटच्या हिशेबाने, ३६ मेगाबाइटमध्ये भागतो. स्वतःचा कॅमेरा बंद केल्याने फक्त जाणारा डेटा वाचतो. येणारा वाचवायचा तर सेटिंगमध्ये समोरून येणारा व्हिडिओ थांबवावा लागतो. ही दुसरी पायरी बरेच जण विसरतात आणि पॅक संपला की चकित होतात.

प्रश्न : कंपनीत सक्तीचं प्रशिक्षण एलएमएसवर, म्हणजे कोर्स चालवून त्यांच्या नोंदी ठेवणाऱ्या प्रणालीवर आहे. कर्मचारी शपथेवर सांगतात की कोर्स संपवला, यादीत मात्र ‘अपूर्ण’. खोटं कोण बोलतंय?

उत्तर : बहुधा कुणीच नाही. कोर्सची स्कॉर्म फाइल (कुठल्याही एलएमएसवर चालावा म्हणून ठरावीक साच्यात बांधलेला कोर्स) आणि एलएमएस हे दोघं ब्राउझरमार्फत एकमेकांशी बोलतात, आणि निरोप वाटेत हरवतो.

आधी दोष कुठे आहे ते वेगळं करा. तीच झिप फाइल स्कॉर्म क्लाउडसारख्या चाचणीच्या जागी चढवा आणि शेवटपर्यंत चालवा. तिथे ‘पूर्ण’ आलं तर एलएमएसच्या सेटिंगमध्ये बघा, नाही आलं तर कोर्स बनवणाऱ्याकडे परत पाठवा.

नेहमीची कारणं अशी. कर्मचारी शेवटच्या पानावर येतो आणि ‘बाहेर पडा’ न दाबता खिडकीची फुली दाबतो. कोर्स आपली नोंद शेवटच्या क्षणी पाठवणारा असेल, तर ती जातच नाही. २०२० पासून क्रोमने पान बंद होताना चालणाऱ्या जुन्या पद्धतीच्या संदेशांवर बंधन घातलं, तेव्हापासून जुने कोर्स यात जास्त सापडतात. उपाय म्हणजे कोर्सने दर पानाला नोंद पाठवणं. दुसरं कारण सत्र संपण्याचं: माणूस कोर्स उघडा ठेवून मीटिंगला जातो, परत येतो तोवर एलएमएसने त्याला आतून बाहेर काढलेलं असतं, आणि पुढे तो जे करतो ते कुणाच्याच खात्यावर नोंदलं जात नाही. तिसरं जरा आडवळणाचं आहे. स्कॉर्मच्या १.२ या जुन्या आवृत्तीत ‘कुठवर आलो’ ही नोंद ठेवायला फक्त ४,०९६ अक्षरांची जागा आहे. कोर्स लांब असला की ती भरते आणि ठरावीक पानानंतर प्रगती जपलीच जात नाही. सगळ्यांचं गाडं एकाच पानापाशी अडत असेल, तर हाच संशय घ्या. स्कॉर्म २००४ च्या चौथ्या आवृत्तीत ही मर्यादा ६४,००० आहे.

चौथं, स्कॉर्म १.२ मध्ये ‘पूर्ण’ आणि ‘उत्तीर्ण’ यांना मिळून एकच रकाना आहे. कोर्सने ‘उत्तीर्ण’ पाठवलं आणि एलएमएसला ‘पूर्ण’च हवं असं सेट केलेलं असेल, तर पास झालेला माणूस अपूर्ण दिसतो. हे दुरुस्त करायला पाच मिनिटं पुरतात, आणि त्यापायी महिनाभर मेलामेली चाललेली असते.

प्रश्न : सायबर सुरक्षेच्या चाचणीत आमच्याकडे सगळ्यांना १०० टक्के मिळतात. तरी फसव्या मेलला लोक बळी पडतातच.

उत्तर : प्रश्नपत्रिका काढून बघा. चारांपैकी सगळ्यात लांब पर्याय बरोबर, ‘वरीलपैकी सर्व’ असेल तिथे तेच बरोबर, आणि चुकलं तर कितीही वेळा पुन्हा. अशी चाचणी कोर्स न उघडताही सुटते. प्रशिक्षण जोखण्याच्या चार पायऱ्या डोनाल्ड कर्कपॅट्रिक या अमेरिकी प्राध्यापकांनी १९५९ मध्येच मांडल्या: आवडलं का, शिकले का, कामात वागणं बदललं का, परिणाम झाला का. तुमचा १०० टक्क्यांचा आकडा दुसऱ्या पायरीवरही धड उभा नाही.

‘पासवर्ड कुणाला सांगू नये, चूक की बरोबर?’ याऐवजी असं विचारा: संध्याकाळी निघता निघता साहेबांच्या नावाने मेल आला, ‘मीटिंगमध्ये आहे, या खात्यात रक्कम आत्ता भर.’ मेलच्या पत्त्यात एक अक्षर वेगळं आहे. तुम्ही आधी काय कराल? पर्याय: त्याच मेलला उत्तर देऊन खात्री करणं, मेलखाली दिलेल्या नंबरवर फोन करणं, ऑफिसच्या यादीतल्या नंबरवर फोन करणं. तीन पर्याय पुरेत; चौथा बहुतेक वेळा भरतीचाच असतो. चुकीचे पर्याय कल्पनेतून काढू नका, लोकांनी खरोखर केलेल्या चुकांतून घ्या. पहिले दोन पर्याय मोहात पाडतात, कारण दोन्हींत ‘खात्री केली’ असं समाधान आहे. कुणी ते निवडले तर नुसतं ‘चूक’ दाखवू नका. उत्तर आणि फोन दोन्ही भामट्याकडेच जातील, हे त्याच जागी लिहा.

प्रयत्न दोनच ठेवा, आणि दुसऱ्या वेळी प्रश्न बदललेले असू द्या. महिन्याने न सांगता असेच तीन प्रश्न पुन्हा पाठवा, शिवाय एक सरावाचा फसवा मेलही. त्याला बळी पडलेले किती, हे मोजाच. पण किती जणांनी तो सुरक्षा विभागाला कळवला आणि पहिली खबर किती मिनिटांत आली, हेही लिहून ठेवा. पुढच्या तिमाहीत त्याच दोन आकड्यांकडे बघा.